अटक दोन वेळा, सुटका एकदा

(युवा शिबिरात केलेल्या भाषणाचा संपादित मजकूर)



आयोजकांनी मला विषय दिला होता, 'प्रसारमाध्यमं आणि मुस्लिम समाज'. मी त्यांना म्हटलं, एवढ्या मोठ्या विषयावर बोलणारे विद्वान पुष्कळ आहेत. मी मिरज-सांगलीत केबलवर बातम्या वाचल्या, 1996 ते 2020. त्यावर बोलू का? ते म्हणाले, बोला. म्हणून आलेय.

तुमच्यातल्या अनेकांनी केबलच्या बातम्या पाहिल्याच नसतील, म्हणून थोडं सांगते. 1991 च्या आखाती युद्धानंतर आपल्याकडे गावोगावी छतावर मोठ्या डिश आल्या आणि गल्लीगल्लीतून वायरी गेल्या. 1995 मध्ये केबलचा कायदा झाला. मराठीत चोवीस तास बातम्यांचे चॅनल आले ते 2007 च्या सुमारास. मधल्या काळात गावात काय घडलं, हे टीव्हीवर सांगणारा एकच माणूस होता, गावचा केबलवाला. एक कॅमेरामन, त्याची स्कूटर, कॅसेट, आणि एका खोलीत निळा पडदा. संध्याकाळी साडेसातला बातम्या लागायच्या. त्याच बातम्या दुसऱ्या दिवशी सकाळी नऊला परत लागायच्या. हे सकाळी परत लागायचं लक्षात ठेवा, पुढे त्याचं काम आहे.

माझे अब्बा एसटीत कंडक्टर. घरात दखनी, बाहेर मराठी. आमच्याकडे दूरदर्शनच्या मराठी बातम्या म्हणजे शाळेच्या तासासारख्या असायच्या. प्रदीप भिडे, चारुशीला पटवर्धन बातम्या द्यायला लागले की अब्बा हात वर करायचे, गप्प बसा. स्मिता पाटील सिनेमात जाण्याआधी याच मुंबई दूरदर्शनवर बातम्या द्यायच्या, हे मला कळलं तेव्हा आपलंही काहीतरी होईल असं उगाच वाटलं होतं. मी भिडेंची नक्कल करायचे. त्यांचा आवाज नाही जमला, पण वाक्य कुठे थांबतं ते समजलं. 2022 मध्ये ते गेले, त्या दिवशी मी घरात वर्तमानपत्र मोठ्याने वाचत बसले होते. मुलगा म्हणाला, अम्मी, काय झालं?

मराठी घेऊन बीए केलं होतं, लग्न झालं होतं, घरी शिकवण्या घेत होते. केबलच्या मालकांना 'स्वच्छ मराठी' वाचणारी बाई हवी होती. चाचणीत त्यांनी मला गावांची नावं वाचायला दिली. म्हैसाळ, आरग, बेडग, एरंडोली, कागवाड. आमच्या भागात कर्नाटक अर्ध्या तासावर आहे, बाहेरचा माणूस तिथे हमखास अडखळतो. मी वाचली. मग त्यांनी माझं नाव विचारलं.

नाव ऐकून ते जरा थांबले. वाईट माणूस नव्हता, धंद्याचा विचार करत होता. म्हणाले, "मॅडम, पडद्यावर नुसतं आडनाव देऊ." माझं आडनाव इनामदार. आपल्याकडे इनामदार, पाटील, देशमुख, जमादार दोन्हीकडे असतात, हे तुम्हाला माहीत आहे. दुसरी गोष्ट म्हणाले, "टिकली लावा. कपाळ मोकळं दिसतं कॅमेऱ्यात."

मी लावली. इथे मला असं सांगता आलं असतं की मी ठाम नकार दिला. तसं झालं नाही. एका बातमीपत्राचे पन्नास रुपये मिळायचे आणि मला ते काम हवं होतं. जवळजवळ तीन वर्षं मी टिकली लावून, नुसत्या आडनावाने बातम्या वाचल्या. अम्मी काही बोलली नाही. फक्त बातम्या लागल्या की ती उठून स्वयंपाकघरात जायची आणि तिथून ऐकायची.

मग एके दिवशी मी टिकली लावली नाही आणि ग्राफिक्स करणाऱ्या पोराला सांगितलं, पूर्ण नाव टाक. रात्रभर झोप नाही. सकाळी नऊच्या पुनःप्रक्षेपणानंतर ऑफिसात एकच फोन आला. सांगलीतल्या एका बाईंना साडी कुठून घेतली ते विचारायचं होतं. तीन वर्षं मी आणि मालक ज्याला भीत होतो, ते एवढंच होतं. निदान त्या वेळी एवढंच होतं.

आता मुद्द्याचं. 2003 सालची गोष्ट. एका पोलीस ठाण्याची प्रेस नोट आली, मोटारसायकली चोरणारी टोळी पकडली. चार नावं, वय, मोहल्ल्यासकट. त्यातलं एक पोरगं आमच्या ओळखीच्या गल्लीतलं, गॅरेजमध्ये काम करणारं. मी प्रेस नोट जशी आली तशी वाचली, 'टोळी जेरबंद'. वाचताना मला थोडं बरंही वाटलं, हेही कबूल करते. आपल्या लोकांची बातमी आली तरी ही बाई लपवत नाही, असं लोक म्हणतील, असं मनात होतं.

चार-पाच दिवसांत त्या पोराला सोडून दिलं. गॅरेजमध्ये चोरीची गाडी दुरुस्तीला आली होती, एवढाच त्याचा संबंध. त्याची प्रेस नोट आली नाही. सुटल्याची प्रेस नोट कधीच येत नाही. मला कळलं ते भाजी मंडईत, त्याच्या आईकडून. मी मालकांशी भांडून पुढच्या आठवड्यात ती बातमी घेतली, वीस सेकंदांची, शेवटी, हवामानाच्या आधी. ती घेतली म्हणून मी स्वतःवर खूश होते. काही दिवसांनी त्या माउली परत भेटल्या. रागावल्या नाहीत. दखनीत म्हणाल्या, "बेटी, पकड्या सो दो बार बोली, रात कू और सुबू कू. छूट्या सो एकीच बार."

वीस सेकंदांची ती बातमी शनिवारी होती. रविवारी सकाळी पुनःप्रक्षेपण नसायचं.

त्याचं ठरत आलेलं लग्न मोडलं होतं. पुढे तो पुण्याला गेला.

त्यानंतर मी एक वही केली. दोनशे पानी, लाल कापडी पाठीची, दुकानदार उधारीला वापरतात तशी. अटकेची बातमी वाचली की त्यात नाव आणि तारीख लिहायची, समोर जागा मोकळी सोडायची. जामीन झाला, सुटका झाली, दोषारोपपत्र गेलं, शिक्षा झाली, जे कळेल ते तिथे भरायचं. कोर्टात कारकून ओळखीचे होते, वकील होते, महिन्यातून एकदा चक्कर मारायचे. मालक वैतागायचे, "मॅडम, एवढ्या सुटका वाचायच्या तर जाहिराती कधी दाखवायच्या?" शेवटी शुक्रवारी एक मिनिट ठरलं. शुक्रवार, कारण शनिवारी सकाळी पुनःप्रक्षेपण होतं.

त्या वहीत सगळे निर्दोष नव्हते. बऱ्याच जागा मोकळ्याच राहिल्या, खटले किती वर्षं चालतात ते तुम्ही जाणता. आणि काहींना शिक्षा झाली, तीही मी वाचली. आमच्या जमातीतले एक प्रतिष्ठित गृहस्थ घरी आले होते. त्यांच्या मुलाला बायकोला जाळण्याचा प्रयत्न केल्याबद्दल पकडलं होतं. म्हणाले, बेटी, तू आपली आहेस, कौमची बदनामी होईल. मी विचारलं, सून कशी आहे? त्यांना ते सांगता आलं नाही. मी बातमी वाचली, रात्री आणि सकाळी. त्यांनी मरेपर्यंत माझा सलाम घेतला नाही. ज्यांना वाटतं की माध्यमात आपला माणूस असला म्हणजे आपल्या बाजूने बोलेल, त्यांच्यासाठी हा किस्सा सांगितला.

2009. तुमच्यातले मिरजेचे जे आहेत, ते तेव्हा लहान असतील. त्या वर्षी रमजान आणि गणपती जवळजवळ एकाच दिवशी सुरू झाले होते. रोजा सोडून लोक आरास बघायला जायचे. मग सप्टेंबरच्या सुरुवातीला स्वागत कमानीवरच्या अफजलखान वधाच्या चित्रावरून वाद पेटला, दगडफेक झाली, संचारबंदी लागली, आणि ते लोण सांगली, कोल्हापूर, इचलकरंजीपर्यंत गेलं.

त्या संध्याकाळी मला दोन फोन आले. एक नात्यातला, "तू तिथे बसलीयेस, आपलं खरं काय ते सांग." दुसरा अनोळखी, "त्या नावाची बाई आज बातम्या द्यायला नको." त्यानंतर मालकांचा, "दोन दिवस घरी राहा, तुमच्याच काळजीने म्हणतोय." मी घरी राहिले. संचारबंदीत दुसरं करणार तरी काय होते?

माझ्या जागी एका नव्या मुलाला बसवलं. पोरगा चांगला होता. पण त्याने वाचलं, 'एका विशिष्ट समाजाच्या जमावाने'. मी टीव्हीसमोर इफ्तारीचं ताट घेऊन बसले होते, घास तसाच राहिला. हा शब्द तुम्ही आजही रोज ऐकता. नाव घेत नाही म्हणून तो सभ्य वाटतो, पण नाव न घेता बोट दाखवतो. ज्याला जो समाज वाटेल, तो तिथे भरतो. दोन्हीकडचे लोक दोन्ही नावं भरत होते त्या रात्री. मी त्याला फोन केला. म्हटलं, बाळा, जमाव म्हण. किती माणसं, कुठे, गुन्हा कुठे नोंद झाला, किती जखमी, हे पोलिसांनी सांगितलं असेल तर सांग. नसेल तर संचारबंदी किती वाजता शिथिल होणार ते सांग, लोकांना दूध आणायचंय.

तिसऱ्या दिवशी मी परत गेले. पास मिळाला, पोलिसांच्या गाडीतून गेले. मालकांच्या टेबलावर केबल कायद्याची छापील प्रत होती. त्यात कलम 19 आहे. धर्म, भाषा, जात यावरून वैर वाढेल असं वाटलं तर जिल्हाधिकारी, प्रांत किंवा पोलीस आयुक्त प्रक्षेपण थांबवू शकतात. मालक घाबरलेले होते, सगळंच बंद ठेवावं का म्हणत होते. माझं मत उलट होतं. टीव्ही बंद झाला तर गल्लीच्या तोंडावरचा माणूस बातम्या देणार, आणि त्याला कुठलं कलम लागू नाही. आम्ही चार मिनिटांचं बातमीपत्र केलं. दुकानं कधी उघडणार, दवाखान्याला जायला पास कुठे मिळतो, कुठल्या अफवा पोलिसांनी तपासल्या आणि खोट्या निघाल्या. बस. एकही दृश्य नाही, फक्त माझा चेहरा आणि खाली पूर्ण नाव.

लोकांना आवडलं का, माहीत नाही. दोन्हीकडून शिव्या आल्या. आपल्याकडच्यांचं म्हणणं, जळालेली दुकानं का दाखवली नाहीत. त्यात तथ्य होतं. नुकसानीची बातमी आम्ही नंतर केली, पण उशिरा केली. त्यावर आजही माझं मन पूर्ण साफ नाही.

मधली वर्षं भराभर सांगते. सेट टॉप बॉक्स आले, लोकल चॅनल कुठल्यातरी तीन आकडी नंबरवर गेलं, जाहिराती मोबाइलकडे गेल्या. निवडणुकीत 'पॅकेज' यायचं, त्यावर वेगळं भाषण लागेल. घर शेवटपर्यंत शिकवण्यांवरच चाललं. टीव्हीवर दिसणाऱ्या बाईकडे पैसे असतात असा नातेवाइकांचा समज मात्र कायम राहिला, लग्नातल्या आहेराच्या वेळी फार महाग पडायचा.

2019 चा महापूर. सांगलीत कृष्णेची धोक्याची पातळी 45 फूट, आयर्विन पुलापाशी मोजतात. त्या ऑगस्टमध्ये पाणी 57 फुटांच्या वर गेलं. कंट्रोल रूम पाण्यात, वीज नाही, चॅनल बंद. मी मिरजेत घरी, घरात पाहुणे म्हणून आलेली तीन पूरग्रस्त कुटुंबं. लोक फोन करून विचारायचे, ताई, कोयना फुटलं का? मग मी मोबाइलवर आवाज रेकॉर्ड करून पाठवायला लागले. पाणी किती, वाढतंय की उतरतंय, बोटी कुठे, जेवण कुठे. शेवटी नाव.

दुसऱ्याच दिवशी घोटाळा. कालचा संदेश आज फिरत होता. पाणी वाढत असताना लोक माझ्याच आवाजात ऐकत होते की पाणी स्थिर आहे. कोणी मुद्दाम केलं नव्हतं, काळजीने पुढे पाठवलं होतं. मला भाजी मंडई आठवली. तेव्हापासून प्रत्येक वाक्यात तारीख आणि वेळ घालायला लागले. 'आज बुधवार, दुपारी दोन वाजता पाणी इतकं. आज बुधवार, दुपारी दोन वाजता अमुक रस्ता बंद.' ऐकायला अगदी बेचव. पण कापून कुठलाही तुकडा पाठवला तरी वेळ त्याच्याबरोबर जायची. तुमच्यापैकी जे पोर्टल चालवतात, रील करतात, त्यांनी करून बघा.

2020 मध्ये कोरोनात मी थांबले. जिल्ह्यात पहिले रुग्ण सापडले तेव्हा त्यांची नावं सांगा म्हणून रोज फोन यायचे. नावं वाचायची नाहीत, एवढं मी ठरवलं आणि मालकांनी ऐकलं. थोड्या दिवसांनी बातमीपत्रच बंद झालं.

वही माझ्याकडे आहे, आज बरोबर आणलीय. शेवटची भरलेली नोंद मागच्या वर्षीची आहे. 2014 मध्ये अटक झालेल्या माणसाची सुटका झाल्याचं एका वकिलांनी फोन करून कळवलं. वाचायला आता बातमीपत्र नाही. मी समोरच्या जागेत तारीख लिहिली आणि त्याच्या घरी फोन लावून विचारलं, कुठे सांगायला हवंय का? त्याचा भाऊ म्हणाला, आमच्या गल्लीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तुमच्या आवाजात पाठवा. पाठवलं. मग दुसऱ्या दिवशी सकाळी नऊला परत एकदा पाठवलं.

मी जरा जास्तच बोलले. प्रश्न घेऊया. मागच्या रांगेत त्या मुलीने मघापासून हात वर केलाय, माईक तिकडे द्या.