गाडी अडली तर कागद मागा
(जिल्हा मेळाव्यातील भाषण)



जुन्या माणसांना एकाधिकार खरेदीचे दिवस आठवत असतील. १९७१ च्या कायद्याने कापूस राज्याबाहेर विकायला बंदी होती आणि हद्दीवर गाडी अडायची. ती योजना गेली. २०१७ साली जीएसटी आला, तशी विक्रीकराची नाकीही गेली. पण गाडी अडवायचा अधिकार राहिला. आता त्याला नाकं लागत नाही, रस्त्यात कुठेही अडवता येते.

कुणी म्हणेल, ही व्यापाऱ्याची भानगड आहे. कायद्यात तसंच आहे. शेतात पिकवलेलं विकायला आपल्याला जीएसटीची नोंदणी लागत नाही. नोंदणीवाल्या व्यापाऱ्याला कापूस दिला, तर त्यावरचा ५ टक्के कर त्याने भरायचा. माल निघतानाच घेणारा ठरलेला असेल, तर ई-वे बिलाची जबाबदारीही त्याची. आपल्या राज्यातल्या राज्यात १ लाखापर्यंतच्या मालाला ते लागत नाही. राज्याबाहेर ही मर्यादा ५० हजार. सुट्या ज्वारीला कर नाही आणि ई-वे बिलही नाही. बैलगाडीला तर ते कधीच लागत नाही. सरकारने बैलाची एवढी तरी कदर ठेवली!

पण गाडी अडली की हिशेब फिरतो. जानेवारी २०२२ पासून मालक पुढे आला तरी कराच्या दुप्पट दंड आहे. ५ लाखांच्या कापसावर कर २५ हजार, म्हणजे दंड ५० हजार. व्यापारी तो मुकाट्याने भरून गाडी सोडवतो, आणि मग आपला चुकारा लांबतो, नाहीतर पुढच्या भावात कापला जातो. म्हणून ही भानगड आपलीही आहे.

कोर्टाने काय म्हटलं ते ऐका. जानेवारी २०२० मध्ये हैदराबादला कागदाच्या मालाची एक गाडी मोर्चामुळे वाटेत अडकली. मध्ये रविवार आला, तोवर ई-वे बिलाची मुदत संपली. सोमवारी अधिकाऱ्याने माल धरला आणि ठेवला कुठे, तर आपल्या नातेवाइकाच्या घरी! व्यापाऱ्याला ६९ हजार भरावे लागले. तेलंगणा हायकोर्टाने २०२१ साली ते पैसे परत करायला लावले. नुसती मुदत संपली म्हणून करचुकवेगिरी ठरत नाही, असं सांगून १० हजारांचा खर्चही बसवला. खातं सुप्रीम कोर्टात गेलं. तिथे जानेवारी २०२२ मध्ये अपील फेटाळलं गेलं आणि खर्चात आणखी ५९ हजारांची भर पडली.

दुसरा निकाल जुलै २०२५ चा. उत्तर प्रदेशात सुपारीची गाडी धरली. व्यापाऱ्याने पैसे भरले, तर खातं म्हणालं, प्रकरण मिटलं, आता हुकूम कशाला? सुप्रीम कोर्टाने सांगितलं, पैसे भरले तरी कारणांसह लेखी हुकूम द्यावाच लागेल. कारण हुकूमच नसेल तर अपील कशावर करणार?

माझ्या मते आपल्या कामाचा खरा निकाल हा दुसरा. अधिकाऱ्याने गाडी धरल्यापासून सात दिवसांत नोटीस आणि नोटिशीपासून सात दिवसांत हुकूम दिला पाहिजे. स्पेलिंग किंवा पिनकोडच्या किरकोळ चुकीसाठी माल धरू नये, दोन्ही मिळून हजार रुपये दंड घ्यावा, हे सप्टेंबर २०१८ च्या केंद्राच्या परिपत्रकात आहे. ते छापून ड्रायव्हरजवळ ठेवा. अपिलाला दंडाचा दहावा हिस्सा आधी भरावा लागतो, हे जड आहे. नागपूर किंवा औरंगाबाद खंडपीठात रिट करता येते, पण अपिलाची वाट असताना कोर्ट बहुधा तिकडेच पाठवतं. उगाच आशा लावत नाही.

तेव्हा कापूस भरताना सातबारा आणि काटापट्टीची झेरॉक्स गाडीत टाका. घेणारा कोण, त्याचा जीएसटी नंबर काय, हे त्याच्याकडून चिठ्ठीवर लिहून घ्या. कोणी दंड भरला म्हणून चुकाऱ्यातून कापायला लागला, तर आधी हुकमाची प्रत मागा. प्रत नसेल, तर कापू देऊ नका.