कागद आधी जमवू या
(छत्रपती संभाजीनगर येथे मंडळीच्या सभेत दिलेले भाषण)



आपल्या दानातून आदिवासी मुले शिकतात. त्यातला एखादा शिक्षक किंवा तलाठी होतो आणि आपण देवाचे आभार मानतो. पण राखीव जागेवरची त्याची नोकरी त्या दिवशी पक्की झालेली नसते. या मधल्या काळाविषयी आज बोलायचे आहे.

उपविभागीय अधिकारी जमातीचे प्रमाणपत्र देतात. राज्याच्या २००० सालच्या कायद्याप्रमाणे तपासणी समितीने वैध ठरवल्यावरच ते पक्के होते. समितीचे कार्यालय आपल्या शहरात आहे. जमात सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदारावरच असते. समितीने दावा नाकारला, तर दाद फक्त उच्च न्यायालयात मागता येते.

ही तपासणी हवीच. खोट्या दाव्यांनी भिल्ल, गोंड, कोलाम मुलांच्या जागा गेल्या आहेत. म्हणूनच १९९४ मध्ये माधुरी पाटील प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने समित्या आणि दक्षता पथकांची पद्धत घालून दिली. पुढे ६ जुलै २०१७ रोजी याच न्यायालयाने सांगितले, की दावा अवैध ठरला तर केवळ नोकरीची वर्षे पुष्कळ झाली म्हणून ती वाचणार नाही. मग २१ डिसेंबर २०१९ च्या शासन निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना ११ महिन्यांच्या अधिसंख्य पदांवर घेतले.

पण एक फरक लक्षात ठेवा. ज्याचा दावा अवैध ठरला तो वेगळा आणि ज्याचा अर्ज प्रलंबित आहे तो वेगळा. प्रलंबित म्हणजे खोटा नव्हे. अर्ज वेळेत दिला, कागद पुरे दिले, आणि तरी निकाल लागत नाही, तर त्या विलंबाची शिक्षा कर्मचाऱ्याला होऊ नये. निकाल लवकर लागावा ही मागणी खऱ्या आदिवासीच्याच हिताची आहे. वर्षे जातात तसा घरसंसार त्या पगारावर उभा राहतो, आणि टांगती तलवार मात्र तशीच राहते.

खरा माणूस अडतो कुठे? आजोबा शाळेत गेलेच नाहीत, तर दाखला कुठून आणायचा? मराठवाड्यात निजामाच्या काळातली दप्तरे उर्दूत आहेत. ती वाचणारा माणूस शोधावा लागतो. स्वातंत्र्यापूर्वीच्या नोंदींना जास्त वजन द्यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये म्हटले. चालीरीतींची चाचणी ही एकमेव कसोटी नाही, हे २०२३ मध्ये पुन्हा स्पष्ट झाले.

आपल्यातल्या पुष्कळांच्या मनात आणखी एक भीती असते: बाप्तिस्मा झाला, आता जमात गेली का? अनुसूचित जमातींच्या यादीला धर्माची अट नाही. चौकशीत कुलदैवत, लग्नविधी विचारले जातात. तेव्हा पूर्वजांची रीत जशी होती तशी सांगावी आणि आपली श्रद्धाही लपवू नये. खोटे बोलून मिळवलेला कागद आपल्याला नको.

मंडळीने तीन गोष्टी कराव्यात. मुलगा दहावीत असतानाच त्याच्या घरची वंशावळ लिहून घ्यावी. आजोबा-पणजोबांचे शाळेचे उतारे, जन्ममृत्यूच्या आणि महसुलाच्या नोंदी यांच्या प्रमाणित प्रती काढाव्यात. वडिलांकडच्या रक्ताच्या नात्यात कोणाला वैधता मिळाली असेल, तर तिची प्रत मागून घ्यावी. येण्याजाण्याचे भाडे, नकलांची फी, उर्दू वाचणाऱ्याचे मानधन एवढीच मदत पुष्कळ घरांना पुरेल.

न्यायाधीशाच्या दारी पुन्हा पुन्हा जाणाऱ्या विधवेचा दाखला आपल्याला ठाऊक आहे. ती एकटी होती. आपल्या मुलांना त्या दारी एकटे जाऊ देऊ नका. त्यांच्यासाठी प्रार्थना करा आणि सुनावणीच्या दिवशी शेजारी बसायलाही या.