न्यायालयाचा हुकूम आणि आपण
(हुपरी येथील वार्षिक मेळाव्यात केलेले भाषण)



आयुष्यभर खडू झिजविलेल्या शिक्षकाने कायद्यावर बोलावे, हे धाडसच होय. परंतु हा विषय आम्ही पुस्तकातून घेतलेला नाही. तो आमच्याच चुकीतून आम्हांस मिळाला आहे.

काही वर्षांपूर्वी आमच्या नात्यातील दोन सख्ख्या भावांत परड्याच्या जागेवरून दावा लागला. न्यायालयाने दावा निकालात निघेपर्यंत बांधकामास मनाई केली. थोरल्यास चांदीच्या भट्टीसाठी आडोशाची भिंत हवी होती. मोजणीच चुकली आहे, अशी त्याची खात्री होती. तो सल्ल्यास आला, तेव्हा आम्ही म्हणालो, "जागा तुझी आहे ना? मग बांध. पुढचे पुढे पाहू." दोन रात्रींत भिंत उभी राहिली.

धाकट्याने अर्ज केला. मनाई हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करता येते, त्यास तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येते, ही दिवाणी प्रक्रिया संहितेतील तरतूद आम्ही त्या वेळी प्रथम ऐकली. थोरल्याने भिंत पाडून लेखी माफी मागितली, म्हणून निभावले. पुढे अखेरच्या निकालात जागा त्याचीच ठरली! वर्ष-दीड वर्ष थांबला असता, तर भिंतही राहिली असती आणि भाऊही. आज त्या दोन घरांत हळदीकुंकवाचे जाणेयेणे नाही. त्यात आमच्या जिभेचा वाटा आहे.

हुकूम चुकीचा वाटला, तर वरच्या न्यायालयात दाद मागावी. पण तो रद्द अथवा स्थगित होईपर्यंत पाळलाच पाहिजे. न्यायालयाचा अवमान अधिनियम १९७१ चा आहे. हुकुमाची हेतुपुरस्सर अवज्ञा करणे, तसेच न्यायालयास दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडणे, हा त्यात दिवाणी अवमान मानला आहे. वेळ मारून नेण्यासाठी हमी देणाऱ्यांनी हे दुसरे कलम नीट ऐकावे. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. खरोखरच हुकूम पाळणे अशक्य असेल, तर ती गोष्ट वेगळी. मात्र ती न्यायालयास जाऊन सांगावी, घरी बसून नव्हे.

मोठ्यांना हे लागू नसते, असे कोणी म्हणेल. सर्वोच्च न्यायालयाने लाकूड कापण्याच्या गिरण्यांना पूर्वपरवानगीवाचून मुभा देऊ नये, असा आदेश २००२ साली दिला होता. तो डावलून महाराष्ट्रात काही गिरण्यांना परवानगी मिळाली. १० मे २००६ रोजी त्या न्यायालयाने माजी वनमंत्री व त्या वेळचे परिवहनमंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांस प्रत्येकी एक महिन्याची साधी कैद सुनावली. माफी स्वीकारली नाही. नाईकांस मंत्रिपद सोडावे लागले. मंत्र्याची ही गत, तेथे परड्यातील भिंतीची काय कथा!

वरच्या न्यायालयात जाणे म्हणजे मुंबईचे हेलपाटे, ही आपली जुनी सबब. ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात बसते. हुपरीहून सकाळी निघालेला मनुष्य संध्याकाळी घरी जेवावयास येतो.

ज्यांच्या घरी असा हुकूम आला असेल, त्यांनी त्याची प्रत प्रथम वकिलास दाखवावी. आमच्याकडे यावयाचे असेल, तर खुशाल यावे. हुकूम वाचून अर्थ सांगू. भिंत बांधण्याचा सल्ला मात्र आता आमच्याकडे मिळणार नाही.