बार्शीच्या गिरणीतून निघालेला आवाज
(व्याख्यानमाला, राजगुरुनगर : शाहीर अमर शेख यांच्यावरील व्याख्यान)



यंदा देशोदेशींच्या लोकप्रिय गायकांवर बोलायचे ठरले आणि माझ्या वाट्याला रशिया आला. तिकडचा एखादा गायक घ्यावा, त्याचे आयुष्य सांगावे, अशी संयोजकांची अपेक्षा होती. मी वाट थोडी वाकडी करून बार्शीला जाणार आहे. कारण आपल्याकडे असा एक गायक होऊन गेला, की त्याच्या तोलाचे नाव शोधताना आचार्य अत्र्यांना थेट मॉस्को गाठावे लागले. शाहीर अमर शेख यांना अत्र्यांनी महाराष्ट्राचा मायकोव्हस्की म्हटले. या उपमेचा मान मोठा आहे, पण ती अमर शेखांना पुरती लागू पडत नाही, असे मला वाटते. का, ते सांगतो. आधी माणूस सांगतो.

अमर शेख यांचे मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. जन्म 20 ऑक्टोबर 1916, सोलापूर जिल्ह्यातल्या बार्शीचा. बार्शी तेव्हा बाजारपेठेचे आणि गिरण्यांचे गाव होते. 1897 साली कुर्डुवाडीहून बार्शीला अरुंद रुळांची बार्शी लाइट रेल्वे आली होती. या गावात घरची गरिबी आणि आई मुनेरबी यांच्या गळ्यातली लोकगीते, एवढ्या शिदोरीवर हा मुलगा वाढला. अमर शेखांच्या गाण्याचा उगम शोधायचा तर तो संगीताच्या वर्गात सापडत नाही, आईपाशी सापडतो. दळताना, निवडता-टिपताना बाई जे गाते त्याला साथ नसते, माईक नसतो. आवाज जात्याच्या घरघरीच्या वर काढावा लागतो. पुढे हजारोंच्या सभेत ज्यांचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोचला, त्यांच्या गळ्याला पहिले वळण इथे लागले.

पोटासाठी त्यांनी मिळेल ते काम केले. मोटारीवर क्लीनर झाले, गिरणीत कामगार झाले. काळ कसा होता ते पाहा. 1930 साली सोलापुरात मार्शल लॉ पुकारला गेला. 12 जानेवारी 1931 रोजी येरवड्याच्या तुरुंगात मल्लाप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा या चौघा सोलापूरकरांना फाशी झाली. त्यानंतर अडीच महिन्यांच्या आत, 23 मार्चला, लाहोरला भगतसिंग आणि सुखदेव यांच्यासोबत तुमच्या गावचे शिवराम हरी राजगुरू फासावर गेले. बार्शीचा मेहबूब तेव्हा चौदा वर्षांचा होता. त्या वयात कानावर काय पडते, यावर माणूस पुढे काय गातो ते पुष्कळसे ठरते. तो स्वातंत्र्याच्या चळवळीत आला, मग गिरणी कामगारांच्या संपात पुढे झाला आणि विसापूरच्या तुरुंगात गेला. तिथे कम्युनिस्ट कार्यकर्त्यांची गाठ पडली आणि विचारांना दिशा मिळाली.

तुरुंगातून सुटल्यावर ते कोल्हापुरात मास्टर विनायक यांच्या स्टुडिओत काम करू लागले. तिथेच मेहबूब पटेलांचे अमर शेख झाले. सिनेमाच्या दुनियेत राहिले असते तर आपण आज त्यांना एक नट म्हणून ओळखले असते. पण मुंबईच्या गिरणगावाने त्यांना बोलावून घेतले.

आता 1940 च्या दशकातले परळ, लालबाग, माटुंगा लेबर कॅम्प डोळ्यांसमोर आणा. कोकणातून, घाटावरून आलेली माणसे चाळीत दाटीवाटीने राहत. खानावळीत जेवत. बायकापोरे गावी. चाकणच्या औद्योगिक वसाहतीत आज जी मुले लातूर, बीड, धाराशिव, बार्शीकडून येऊन खोली भागीदारीत घेऊन राहतात, त्यांना हे चित्र समजावून सांगावे लागणार नाही. या वस्तीत दोन माणसे अमर शेखांना भेटली. एक वाटेगावचे तुकाराम भाऊराव साठे, म्हणजे आपले अण्णाभाऊ. दुसरे दत्ता गव्हाणकर. तिघांनी 1944 साली लाल बावटा कलापथक उभे केले.

अण्णाभाऊ लिहीत आणि गातही. त्यांनी स्टालिनग्राडच्या लढाईवर पोवाडा रचला होता. जुलै 1942 ते फेब्रुवारी 1943 व्होल्गाकाठी चाललेली ती लढाई, जिथे हिटलरची सेना अडली आणि मोडली. ज्यांनी बर्फ कधी पाहिला नाही अशा गिरणी कामगारांनी ती लढाई डफ-तुणतुण्यावर ऐकली. बंगालच्या दुष्काळावरही त्यांनी पोवाडा केला. रशियाचा आणि आपल्या शाहिरीचा सांधा इथे जुळला, पुस्तकातून नव्हे, चाळीच्या अंगणातून. पुढे 1961 मध्ये अण्णाभाऊ स्वतः सोव्हिएत देशात जाऊन आले आणि 'माझा रशियाचा प्रवास' त्यांनी लिहिला.

पण लिहिलेला पोवाडा म्हणजे अर्धाच पोवाडा. उरलेला अर्धा गळ्यात असतो, आणि तो गळा अमर शेखांचा होता. शाहिरी ज्यांनी समोर बसून ऐकली नाही अशा तरुणांसाठी थोडे सांगतो. मधोमध शाहीर, हातात डफ. मागे झीलकरी, तुणतुणे, झांज. शाहीर ओळ टाकतो, ती वर चढवतो, आणि तिचे टोक झीलकरी उचलतात. मधे तो गाणे थांबवून बोलतो, प्रसंग सांगतो, समोरच्याला प्रश्न विचारतो. मग कटाव येतो. शब्दांवर शब्द, श्वास घ्यायला जागा नाही, आणि शेवटी डफावर थाप. या कलेत गोड आवाज पुरत नाही. दम लागतो, शब्द फोडून सांगण्याची ताकद लागते, आणि गर्दी आत्ता कुठे आहे, रागात की रडण्यात, हे ओळखणारी नजर लागते. अमर शेखांचा आवाज पहाडी होता, वरच्या पट्टीत फिरणारा. पण त्यांचे वेगळेपण त्या पट्टीत नव्हते. ते गाताना शब्दाचा अर्थ अंगभर घेत. त्यांच्यातला नट आणि गवई इथे एक होत.

शाहिरीच्या परंपरेत मुसलमान शाहीर नवा नव्हता, हेही इथे सांगितले पाहिजे. पेशवाईत राम जोशी, अनंत फंदी, होनाजी बाळा, परशराम, प्रभाकर यांच्या बरोबरीने जेजुरीचे सगनभाऊ होते. ते जातीने शिकलगार, धर्माने मुसलमान. शिवाजी महाराजांवरचा अफजलखान वधाचा पोवाडा अज्ञानदासाने गायला, 1869 मध्ये महात्मा फुल्यांनी शिवाजी महाराजांचा पोवाडा लिहिला, आणि विसाव्या शतकात मेहबूब पटेल डफ घेऊन उभे राहिले तेव्हा महाराष्ट्राने त्यांना आपला शाहीर मानले. आज काही जण जन्माच्या दाखल्यावरून माणसाची मराठी मोजू पाहतात. त्यांनी ही नावे एकदा ओळीने म्हणून पाहावीत.

स्वातंत्र्यानंतर कलापथकाचे दिवस सोपे नव्हते. मोरारजी देसाई गृहमंत्री असताना तमाशावर बंधने आली, कम्युनिस्ट कलावंतांवर सरकारचा डोळा होता, कार्यक्रमांवर बंदी येई. अण्णाभाऊंनी तमाशाला लोकनाट्याचे रूप दिले, गणेशस्तवनाच्या जागी मातृभूमीला आणि हुतात्म्यांना वंदन आणले. बंदी झेलत, जागा बदलत ही मंडळी गात राहिली.

मग संयुक्त महाराष्ट्राचा लढा आला, आणि अमर शेखांच्या आयुष्याचा कळस तोच. 21 नोव्हेंबर 1955 ला फ्लोरा फाउंटनवर गोळीबार झाला. या लढ्यात शंभराहून अधिक माणसे हुतात्मा झाली. पुढच्या वर्षी अत्र्यांचा 'मराठा' सुरू झाला. अत्रे, डांगे, एस. एम. जोशी, प्रबोधनकार यांची भाषणे पुस्तकांत सापडतात. पण त्या सभांना गेलेल्या पिढीला विचारा. भाषणाच्या आधी गाणे असे, आणि पुष्कळांना भाषणाइतकेच गाणे आठवते. मैदान तापवायचे आणि गोळीबाराच्या धक्क्याने दबलेल्या माणसाला पुन्हा उभे करायचे काम शाहिरांनी केले. अण्णाभाऊंची 'माझी मैना' ही छक्कड घ्या. गावी राहिलेल्या बायकोची आठवण काढणारा मुंबईतला कामगार तिच्यात आहे, आणि गाणे पुढे जाता जाता बेळगाव, कारवारची ताटातूट त्याच विरहात मिसळते. अमर शेखांच्या आवाजात ती ऐकणाऱ्या गिरणी कामगाराला राज्य पुनर्रचना आयोगाचा अहवाल वाचावा लागला नाही. जवळचे माणूस तोडले जाण्याचे दुःख त्याच्या घरातच होते. राजकारण असे घराच्या उंबऱ्याआत आणणे हे गायकाचे काम आहे, आणि ते वक्त्याला जमत नाही. 1 मे 1960 ला राज्य झाले. त्या राज्याच्या बांधणीत या गळ्यांचा वाटा आपण अजून पुरता मोजलेला नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

आता मायकोव्हस्कीकडे वळतो. व्लादिमीर मायकोव्हस्की 1893 मध्ये जॉर्जियातल्या बगदाती गावी जन्मला. क्रांतीनंतर त्याने रोस्टा या वृत्तसंस्थेसाठी रंगीत भित्तिपत्रे काढली, घोषणा लिहिल्या, सभागृहे दणाणून सोडत कविता वाचल्या, आणि 14 एप्रिल 1930 रोजी मॉस्कोत स्वतःवर गोळी झाडून घेतली. आवाजाची ताकद, क्रांतीवरची निष्ठा, कवितेला रस्त्यावर आणण्याची ओढ, एवढ्यापुरती अत्र्यांची तुलना खरी आहे. 'कलश' (1958) आणि 'धरतीमाता' (1963) हे अमर शेखांचे संग्रह वाचले तर त्यांच्यातला कवीही तेवढाच जोरकस दिसतो. पण मायकोव्हस्की नव्या कलेच्या प्रयोगातून आला. त्याने जुनी छंदरचना मोडली, ओळी जिन्याच्या पायऱ्यांसारख्या मांडल्या. अमर शेखांनी जुने काही मोडले नाही. आईची ओवी, शाहिराचा डफ, तमाशाची चाल, सगळे जसेच्या तसे उचलले आणि त्यात नवा आशय भरला. शिवाय मायकोव्हस्की कविता वाचत असे, अमर शेख गात असत.

रशियात त्यांचा जोडीदार शोधायचाच तर मी व्लादिमीर व्हिसोत्स्कीचे नाव घेईन. 1938 चा जन्म, मॉस्कोच्या तगान्का नाट्यगृहातला नट. 1971 पासून तो तिथे हॅम्लेट करी. हातात सात तारांची गिटार, आवाज खरखरीत, व्यंजने ताणून गाण्याची लकब. गाणी सैनिकांची, कैद्यांची, ट्रक चालवणाऱ्यांची, गिर्यारोहकांची. सरकारी कंपनीने त्याच्या हयातीत फार थोडे काढले. पण लोकांनी टेप रेकॉर्डरवर एकमेकांच्या फिती उतरवून घेतल्या आणि त्याचा आवाज त्या अवाढव्य देशात घरोघर पोचवला. 25 जुलै 1980 ला, मॉस्कोत ऑलिंपिक चालू असताना, बेचाळिसाव्या वर्षी तो गेला. वर्तमानपत्रांनी बातमी जवळपास दडवली, तरी तगान्काबाहेर अफाट गर्दी लोटली.

त्यालाही सरकारने जवळ केले नाही, त्यालाही कष्टकऱ्यांनी डोक्यावर घेतले, आणि तोही नट आणि गायक एका देहात होता. अमर शेखही 'प्रपंच' या 1961 च्या चित्रपटात कुंभाराच्या घरातल्या ओढगस्तीचा संसार पडद्यावर जगले. अत्र्यांच्या 'महात्मा फुले' चित्रपटातही ते होते. फरक एवढाच, की व्हिसोत्स्कीला टेप रेकॉर्डर मिळाला. अमर शेखांचा काळ त्याच्या आधीचा. त्यांचे गाणे मैदानात जन्मले आणि बहुतेक मैदानातच राहिले. ज्या गायकाच्या तबकड्या निघाल्या तो नातवंडांपर्यंत पोचला, ज्याने सभा गाजवल्या तो आजोबांच्या आठवणीत अडकला. याची मला मनापासून खंत वाटते.

अमर शेखांना कम्युनिस्ट पक्षाचा भोंगा म्हणून निकालात काढणारेही होते. त्यांच्यासाठी 1962 चे वर्ष सांगतो. चीनने आक्रमण केले तेव्हा या प्रश्नावर पक्षातच दोन तट होते. अमर शेख डफ घेऊन बाहेर पडले, कार्यक्रम केले आणि संरक्षण निधीला पैसे उभे करून दिले. पाकिस्तानशी युद्ध झाले तेव्हाही तेच केले. ज्यांनी आयुष्यभर लाल बावट्याखाली गायले त्यांनी देशावर वेळ आल्यावर कुणाची परवानगी मागितली नाही. पक्षाच्या ठरावापेक्षा समोर बसलेला श्रोता त्यांना जवळचा होता. त्या श्रोत्याचा मुलगा सीमेवर होता.

1969 हे साल मराठी शाहिरीला फार कठोर गेले. 18 जुलैला अण्णाभाऊ गेले, वयाची एकोणपन्नास वर्षे पुरी होण्याआधीच. सहा आठवड्यांनी, 29 ऑगस्टला, इंदापूरजवळ मोटार अपघातात अमर शेख गेले. वय बावन्न. तुमच्या गावावरून वाहत गेलेली भीमा पुढे ज्या इंदापूर तालुक्याला वळसा घालते, तोच हा मुलूख. त्यांची मुलगी मल्लिका तेव्हा बारा वर्षांची होती. पुढे ती मराठीतली महत्त्वाची कवयित्री झाली, आणि 'मला उद्ध्वस्त व्हायचंय' या आत्मकथनाने तिने मराठी वाचकाला हादरवून सोडले. बापाचा निर्भीडपणा लेकीत उतरला, पण तिने तो स्वतःच्या आयुष्यावर वापरला, हे मला फार मोठे वाटते.

सप्टेंबर 2022 मध्ये मॉस्कोच्या रुडोमिनो ग्रंथालयात अण्णाभाऊंचा पुतळा बसला. मुंबई विद्यापीठात अमर शेखांच्या नावाचे अध्यासन आहे. दोन्ही योग्यच झाले. मात्र चाकणच्या कारखान्यांत तिन्ही पाळ्यांत राबणाऱ्या, बार्शीकडून आलेल्या मुलाला आपल्याच गावच्या या कामगार गायकाचे नाव ठाऊक असावे, अशी माझी इच्छा आहे. तुमच्यापैकी जे कामगार संघटनेत आहेत त्यांनी पुढच्या 20 ऑक्टोबरला कंपनीच्या दारात नाही तर निदान वस्तीच्या चौकात त्यांच्या गाण्यांचा कार्यक्रम ठेवावा. खर्च फारसा येणार नाही. डफ, तुणतुणे आणि चार झीलकरी पुरतील.

संयोजकांनी आज शाहीर मंडळींनाही बोलावले आहे. ते मागे तयार बसले आहेत. पोवाड्यावर तासभर बोलण्यापेक्षा पाच मिनिटे तो ऐकलेला बरा, म्हणून मी माझा उरलेला वेळ त्यांना देतो. ते ओळ टाकतील तेव्हा झील तुम्ही धरा.