गाभारा आणि सभामंडप



आमच्या बुलढाणा जिल्ह्यांतील लोणारचें दैत्यसूदन मंदिर आपल्यापैकीं पुष्कळांनीं पाहिलें असेल. उन्हांतून आंत शिरलें म्हणजे मंडपांत थोडा वेळ उभें राहावें लागतें. डोळे काळोखास सरावले कीं मग गाभारा दिसूं लागतो. मंडपांत कोणींहि यावें, बसावें, बोलावें. गाभाऱ्यांत मात्र ज्याचा अधिकार त्यानेंच जावें, ही आपल्या देवळांची जुनी रीत. आज मला बोलावयाचें आहे तें देवळाविषयीं नव्हे, आपल्या टेबलावरील संगणकाविषयीं. परंतु त्या यंत्रांतहि एक गाभारा आहे, एक सभामंडप आहे, आणि दोहोंमध्यें एक उंबरठा आहे. तो ओळखतां न आल्यामुळें मजवर काय प्रसंग आला, तेथूनच आरंभ करतों.

नोकरींतून निवृत्त झाल्यावर गांवच्या शाळेचीं जुनीं छायाचित्रें मिळवून तीं संगणकांत उतरवून ठेवण्याचा उद्योग मीं आरंभिला. मूळ चित्रें ज्यांचीं त्यांस परत केलीं. पुढें त्यांतील कांहीं वाळवीनें खाल्लीं, कांहीं घर बदलतांना हरवलीं. तेव्हां कित्येक घरांतील वडीलधाऱ्यांचीं मुद्रा राहिली ती माझ्याच यंत्रांत. एके संध्याकाळीं चित्रें दाखविणारा प्रोग्रॅम उघडेना. पडद्यावर सूचना आली कीं अमुक नांवाची फाईल सांपडत नाहीं. नांव म्हणजे अक्षरांची नुसती खिचडी, आणि शेवटीं 'डीएलएल'. मीं इंटरनेटवर शोध केला. एका अनोळखी ठिकाणीं त्याच नांवाची फाईल फुकट मिळत होती. ती आणून मीं जागच्या जागीं बसविली आणि गणित सुटल्याच्या आनंदांत झोपीं गेलों. सकाळीं यंत्र सुरू केलें तों पडदा काळाठिक्कर! चिखलीच्या एका कारागिरानें अर्ध्या तासांत तें दुरुस्त केलें. चित्रें सुखरूप निघालीं. जातांना तो म्हणाला, "गुरुजी, नांव सारखें असलें म्हणून माणूस तोच असतो का?"

त्या एका वाक्यानें मला पुन्हां विद्यार्थी केलें. तेव्हां जें समजून घेतलें तें आपणांस सांगतों.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. ही फाईल स्वतः होऊन कांहीं करीत नाहीं. शाळेच्या कपाटांतील शब्दकोश ज्याप्रमाणें एकच असतो आणि अडेल तो विद्यार्थी तो उघडतो, त्याप्रमाणें अनेक प्रोग्रॅम गरजेनुसार या फाईलींतील सूचना वापरतात. ड्रायव्हर म्हणजे यंत्राचा एखादा भाग आणि विंडोजसारखी कार्यप्रणाली यांच्यामधील दुभाषा. पडद्याचा दुभाषा निराळा, छपाईयंत्राचा निराळा. आतां प्रश्न असा कीं, या दुभाषानें बसावें कोठें? गाभाऱ्यांत कीं मंडपांत?

गाभाऱ्यास कर्नेल म्हणतात. तेथें जो प्रोग्रॅम असतो त्यास यंत्राची सर्व स्मृति आणि सर्व अवयव मोकळे असतात. मंडपास यूजर मोड म्हणतात. तेथील प्रत्येकास आपापली आंखून दिलेली जागा. पलीकडचें कांहीं हवें असल्यास उंबरठ्याशीं येऊन मागावें. ही मर्यादा नुसती शिष्टाचाराची नव्हे, ती प्रक्रियकांतच घडविलेली असते. इंटेलच्या १९८५ सालच्या ८०३८६ या प्रक्रियकांत अधिकाराच्या चार पायऱ्या होत्या. विंडोजनें त्यांपैकीं अगदीं आंतली आणि अगदीं बाहेरची एवढ्या दोनच वापरल्या. मंडपांत कोणास घेरी आली तर त्यास बाहेर नेतात आणि पूजा चालूच राहते. गाभाऱ्यांत समई कलंडली तर देऊळ सर्वांसाठींच बंद करावें लागतें. कर्नेलमधील ड्रायव्हर चुकला म्हणजे निळा पडदा येऊन सबंध यंत्र थांबतें, त्याचें कारण हेंच.

मग सगळेच दुभाषे मंडपांत कां बसविले नाहींत? कारण उंबरठा ओलांडण्यास वेळ लागतो. १९९६ सालीं विंडोज एनटी ४.० मध्यें चित्रें काढण्याचें बरेचसें काम वेग वाढावा म्हणून मुद्दाम गाभाऱ्यांत नेलें होतें. वेग मिळाला, पण धोकाहि आंत गेला. २००७ च्या जानेवारींत बाजारांत आलेल्या विंडोज व्हिस्टानें पडद्याच्या ड्रायव्हरचे दोन भाग केले. चित्राची आकडेमोड करणारा मोठा भाग डीएलएलच्या रूपानें मंडपांत आणला, आणि प्रत्यक्ष यंत्रास हात लावणारा लहान भाग तेवढा आंत ठेविला. छपाईयंत्राचे कर्नेलमधील ड्रायव्हर तर व्हिस्टानें स्वीकारणेंच बंद केलें. अशा फायलींच्या नांवांत 'यूएमडी' हीं अक्षरें पुष्कळदां आढळतात. तीं 'यूजर मोड ड्रायव्हर' या शब्दांचीं आद्याक्षरें होत.

माझा पडदा काळा कां झाला, हें आतां ध्यानीं येईल. सर्व खिडक्या पडद्यावर मांडणारा विंडोजचा प्रोग्रॅमहि हीच फाईल वापरतो. मीं परकी फाईल आणून बसविली, तेव्हां मंडपांतील दिवेच मालवले. गाभारा शाबूत होता, चित्रेंहि शाबूत होतीं. यंत्रास आपलें मुख मात्र दाखवितां येईना. कारागिरानें तें सेफ मोडमध्यें सुरू केलें. त्या रीतींत कारखानदाराचा दुभाषा बाजूस ठेवून विंडोज आपल्या साध्या दुभाषावर काम भागवितें. मग परकी फाईल काढून कारखानदाराचा संपूर्ण संच पुन्हां बसविला, आणि काम झालें.

गाभाऱ्यांतच चूक झाली तर काय होतें, तें जगानें १९ जुलै २०२४ रोजीं पाहिलें. क्राउडस्ट्राइक या कंपनीच्या संरक्षक प्रोग्रॅमचा ड्रायव्हर कर्नेलमध्यें बसलेला होता. त्यास पुरविलेल्या एका नव्या फाईलीमुळें तो एकविसावें मूल्य वाचावयास गेला. तेथें होतीं वीसच! मायक्रोसॉफ्टच्या अंदाजाप्रमाणें सुमारें ८५ लक्ष यंत्रें बंद पडलीं. मुंबई-दिल्लीच्या विमानतळांवर प्रवाशांची नोंद हातानें करण्याची पाळी आली. ती फाईल सुमारें ७८ मिनिटांत मागें घेतली गेली. परंतु जीं यंत्रें आधींच पडलीं होतीं, त्यांतील पुष्कळांपाशीं माणसास स्वतः जावें लागलें. त्याच वर्षीं नोव्हेंबरांत मायक्रोसॉफ्टनें जाहीर केलें कीं अशा संरक्षक प्रोग्रॅमना गाभाऱ्याबाहेरूनहि काम करतां येईल अशी सोय करण्यांत येईल.

आतां गृहस्थाश्रमी माणसास उपयोगी पडतील अशा चार गोष्टी. पहिली: सुटी डीएलएल फाईल अनोळखी ठिकाणाहून कधींहि आणूं नये. नांव तेंच असून आवृत्ति निराळी असूं शकते, किंवा तिच्या पोटांत चोरहि दडलेला असूं शकतो. ड्रायव्हर घ्यावयाचा तो कारखानदाराकडून किंवा विंडोज अपडेटमधून, आणि पुरा संच घ्यावा. दुसरी: नवा ड्रायव्हर घातल्यावर बिघाड झाला, तर डिव्हाइस मॅनेजरमध्यें 'रोल बॅक ड्रायव्हर' ही सोय असते, मागची आवृत्ति शिल्लक असल्यास ती परत येते. तिसरी: फायलींचीं नांवें विचित्र दिसतात म्हणून जागा मोकळी करण्याच्या उत्साहांत त्या पुसूं नयेत. 'सिस्टिम ३२' मधील फायली ६४ बिटांच्या आणि 'सिसवॉव ६४' मधील ३२ बिटांच्या, असा उलटा प्रकार तेथें आहे. तो पाहून कोणाचीहि दिशाभूल व्हावी. दोन्हींची गरज असते. चौथी गोष्ट सर्वांत महत्त्वाची: जें पुन्हां मिळणार नाहीं, त्याची दुसरी प्रत दुसऱ्या जागीं ठेवावी. माझीं चित्रें वांचलीं तीं माझ्या शहाणपणामुळें नव्हे. ज्यांनीं तो उंबरठा घातला, त्यांच्या दूरदृष्टीमुळें.

चूक माणसाच्या हातून होणारच. ती होऊं नये म्हणून जपावें हें खरें. पण झालीच तर तिनें सारें घर बुडूं नये, अशी रचना आधींच करून ठेवणें हें अधिक शहाणपणाचें. त्या चित्रांची दुसरी प्रत आतां शाळेच्या कपाटांत ठेविली आहे, आणि तिसरी माझ्या मुलीच्या घरीं.