लढाईच्या दिवसांतली हौस

मंडळी, इंग्लंडात काही गावी आजही एक आगळी जत्रा भरते. लोक १९४० नंतरच्या लढाईच्या काळातले कपडे घालतात, तेव्हाची गाणी लावतात आणि नाचतात. आम्ही ऐकले तेव्हा नवल वाटले. लढाईचे दिवस, त्यांची कसली हौस?

आधी कपड्यांचे ऐका. जून १९४१ मध्ये तिकडे कपड्यांवर रेशन आले. पहिल्या वर्षी माणशी ६६ कुपने. नुसता पैसा असून भागेना. बायांनी जुने उसवून नवे शिवले, पडद्यांचे झगे केले. आपल्या गोधडी शिवणाऱ्या बायांना हे काय सांगावे! रेशीम हवाई छत्र्यांना लागे, म्हणून पायमोजे मिळेनात. मग पोरींनी पायांना रंग लावला आणि पोटरीमागे पेन्सिलीने शिवणीची रेघ ओढली. लांबून वाटावे, मोजेच आहेत!

नाच मात्र जिवावरचा होता. लंडनला कॅफे द पॅरिस नावाचे नाचघर होते. ते तळघरात, म्हणून लोकांना बिनधोक वाटे. ८ मार्च १९४१ च्या रात्री तिथेच बॉम्ब पडला. तीसहून जास्त माणसे गेली. बँडचा प्रमुख केन जॉन्सन अवघा २६ वर्षांचा. तोही गेला.

म्हणून गावोगावची नाचघरे काही ओस पडली नाहीत. १९४२ पासून अमेरिकन शिपाई येऊ लागले. त्यांच्याबरोबर जिटरबग नावाचा उड्यांचा नाच पसरला. जाणत्यांनी नाके मुरडली. ती मुरडायचीच! काही नाचघरांत मनाईच्या पाट्या लागल्या. पोरांनी त्या वाचल्या, आणि नाचत राहिली.