ताब्याचा अर्ज आणि ६० दिवसांची मुदत



रबाळ्यासारख्या कारखानदारीच्या ठिकाणी वकील व समुपदेशकांची ही परिषद भरविण्याचे औचित्य काय, असे काही मंडळींनी मला खासगीत विचारले. त्याचे उत्तर ओघाने येईल.

विभक्त होणाऱ्या दांपत्याच्या अपत्याचा ताबा कोणाकडे असावा, या प्रश्नाचा तात्त्विक निकाल आपल्याकडे पूर्वीच लागलेला आहे. १८९० च्या पालक व पाल्य अधिनियमाने अज्ञानाचे कल्याण न्यायाधीशापुढे ठेवले; १९४१ च्या निर्णयसंग्रहात आलेल्या एका प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती सर जॉन बोमॉन्ट यांनी आईबापांचे हित बाजूस सारून केवळ मुलाचे हित सर्वोपरी मानले; १९५६ च्या हिंदू पालकत्वविषयक कायद्याने पाच वर्षांखालील मूल सामान्यतः आईजवळ असावे असे सांगून तेच तत्त्व तेराव्या कलमात पक्के केले; आणि मुले ही आईबापांची मालमत्ता किंवा खेळणी नव्हेत, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७३ साली बजावले. एवढे झाल्यावर वाद उरतो तो मुदतीचा.

घर मोडले त्या रात्री मूल ज्याच्याकडे होते त्याच्याचकडे ते पहिल्या तारखेपर्यंत राहते. पुढे कैफियतीला मुदतवाढ, वकिलांची तहकुबी, समुपदेशकाच्या अहवालाची प्रतीक्षा आणि न्यायाधीशांची बदली अशी वर्षे लोटल्यावर त्या मुलाला विचारावे, तर ते ज्याच्या सहवासात वाढले त्याचेच नाव घेते, आणि आपण ती त्याची समंजस पसंती म्हणून १८९० च्या अधिनियमाच्या सतराव्या कलमाखाली नोंदवून घेतो. वास्तविक तो निकाल तारखांनी केव्हाच देऊन टाकलेला असतो.

हिंदू विवाह अधिनियमाच्या २६ व्या कलमास २००१ साली जोडलेले परंतुक आपण पुन्हा वाचावे. मुलांच्या निर्वाहाचा व शिक्षणाचा दाव्यादरम्यानचा अर्ज नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवसांत निकाली काढावा, असे ते म्हणते. ताब्याचा विषय त्याच कलमात असूनही मुदतीच्या वाक्यात त्याला जागा नाही. शाळेच्या फीची निकड कायदेमंडळाला समजली. बापाचा चेहरा विसरला जाण्यापूर्वीची (किंवा आईचा, कारण मूल गावी नेऊन दडविणारे बाप मी कमी पाहिलेले नाहीत) निकड समजली नाही.

आता रबाळ्याविषयी. आपल्या ठराविक साच्यातील हंगामी आदेशात दुसऱ्या व चौथ्या शनिवारी, न्यायालयाच्या आवारातील मुलांच्या खोलीत, दोन तासांची भेट लिहिलेली असते. येथील औद्योगिक वसाहतीत ठेकेदाराच्या हजेरीपटावर राबणाऱ्या इसमाची त्या शनिवारी पहिली पाळी असली, तर भेटीस गेल्यास त्याचा खाडा पडतो, आणि न गेल्यास विरुद्ध बाजूचे वकील ती गैरहजेरी पुढच्या तारखेस कागदावर आणतात. घणसोलीत चार घरचा स्वयंपाक करणाऱ्या आईलाही मूल न्यायालयाच्या आवारात पोचविण्यासाठी अर्धा दिवस बुडवावा लागतो. भेटीचा वार बापाच्या साप्ताहिक सुट्टीप्रमाणे आणि जागा ऐरोलीतील एखाद्या उद्यानात ठरविण्यास कोणता कायदा आडवा येतो? न्यायमूर्ती अजित प्रकाश शहा यांच्या विधी आयोगाने २०१५ साली, २५७ व्या अहवालात, संयुक्त ताब्याचा पर्याय सुचविला. तो स्तुत्य असला, तरी जेथे खोली एक आणि पाळ्या तीन, तेथे आधी भेट तरी धड घडावी.

म्हणून विषयनियामक समितीपुढे मी असा ठराव ठेवतो, की परंतुकातील ६० दिवसांची मुदत ताबा व भेट यांच्या हंगामी अर्जांस लागू करण्याची शिफारस या परिषदेने शासनास करावी, आणि तोपर्यंत अशा अर्जांत आपण वकिलांनी परस्परसंमतीने तहकुबी मागू नये. ठरावाच्या उत्तरार्धासाठी कायदेमंडळाची वाट पाहावी लागत नाही; त्यास आपण आजच हात वर करून संमती द्यावी, अशी माझी विनंती आहे.